सुट्टीची संध्याकाळ आणि आपले ललित गद्य

सुट्टीच्या दिवसाची संध्याकाळ हा मराठी ललित लेखकाच्या हाताला सहज लागणारा विषय आहे. गेल्या दोन-तीन वर्षांत बृहन्महाराष्ट्रातील निरनिराळ्या मंडळांचे अंक आणि स्मरणिका चाळताना या विषयावरचे दहा-बारा लेख तरी आमच्या वाचनात आले. लेखक वेगळे, गावे वेगळी, शीर्षके वेगळी. परंतु आतील सामग्री जवळजवळ एकच. घराची गॅलरी, हातात चहाचा कप, मावळतीचे रंग, घरट्याकडे परतणारे पक्षी, लांबच्या देवळातील घंटा, आणि शहराचा कोलाहल आज जरा दूर राहिला आहे अशा अर्थाचे एखादे वाक्य. हे लेख वाईट नाहीत. त्यांची भाषा शुद्ध आहे, लिहिणाऱ्यांचे मन निर्मळ आहे आणि काही ठिकाणी एखादी प्रतिमाही छान साधली आहे. तरी इंदूरचा लेख बडोद्याच्या लेखकाच्या नावावर आणि बडोद्याचा बेळगावच्या लेखकाच्या नावावर छापला गेला असता, तर वाचकांपैकी कोणाच्याही ते लक्षात आले नसते. शहरातील संध्याकाळीवर लिहिलेल्या लेखातून शहरच वजा व्हावे, हे असे का घडते, याचा थोडा विचार करण्याचे आम्ही योजिले आहे.

प्रथम या लेखांतील क्रियापदांकडे पाहावे. चहा येतो. दिवे लागतात. दुकाने मिटतात. रस्ते निवांत होतात. घंटा वाजते. स्वयंपाकघरातून फोडणीचा वास येतो आणि थोड्या वेळाने पानेही वाढली जातात. मराठीची ही अकर्मक क्रियापदे फार गोड आहेत, आणि तितकीच सोयीचीही. चहा आपल्या पायांनी येत नाही, तो कोणीतरी करून आणून दिलेला असतो. पण ‘चहा आला’ म्हटले की तो करणारी व्यक्ती वाक्यातून नाहीशी होते. आमचे नोकरीतील आयुष्य हिंदी टिपणे लिहिण्यात गेले. तेथे ‘कार्यवाही की गई’ असे लिहिले की ती कोणी केली हे सांगण्याची जबाबदारी टळते, हे प्रत्येक कारकुनास पहिल्या महिन्यातच उमगते. ललित लेखांतही तीच सोय आढळली की आमची जुनी नजर तेथे अडखळते, त्यास इलाज नाही.

जुन्या घरांत दिवेलागणीला करणारी होती. घरातील आजी किंवा सून देवापुढे दिवा लावी, मुलांना ‘शुभंकरोति’ म्हणावयास बसवी, आणि उंबऱ्यावर बसू नका, या वेळी निजू नका, असे बजावीत असे. तिन्हीसांज ही विश्रांतीची वेळ नव्हतीच. दिवस आणि रात्र यांच्या सांध्यावरची ती सावधपणाची वेळ होती. सुट्टीची कल्पनाही वेगळी होती. पाठशाळेचे अनध्याय तिथींप्रमाणे येत. गवंडी-सुतारांचे खाडे अमावास्येला पडत. रविवारची सुट्टी ही त्या मानाने अगदी अलीकडची गोष्ट, आणि सरकारी कचेऱ्यांबाहेरच्या कष्टकरी माणसाला तर ती मागून आणि झगडून घ्यावी लागली. मुंबईच्या गिरणी कामगारांच्या 1884 साली भरलेल्या सभांनी ज्या मागण्या केल्या, त्यांत आठवड्यातून एक दिवस सुट्टीची मागणी होती. महात्मा फुले यांचे सहकारी आणि ‘दीनबंधु’चे संपादक नारायण मेघाजी लोखंडे यांनी ती लावून धरली, आणि 10 जून 1890 रोजी मुंबईच्या गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. रविवार हा खंडोबाचा वार, म्हणून तो मिळावा, हाही त्या मागणीमागील एक विचार होता असे सांगतात. लोखंडे यांच्या नावे भारतीय टपाल खात्याने 2005 मध्ये तिकीट काढले. आपल्या ललित लेखांनी मात्र त्यांची दखल घेतलेली नाही. ज्या रविवारी संध्याकाळी आपण गॅलरीत बसतो, त्या रविवारामागे केवढी खटपट आहे हे लेखात सांगितलेच पाहिजे असा आमचा आग्रह नाही. पण ती सुट्टी सूर्यास्तासारखी आपोआप घडते, असा भास तरी लेखाने निर्माण करू नये.

सुट्टीची संध्याकाळ म्हणजे नवी सुट्टी आणि जुनी तिन्हीसांज यांची गाठ आहे. आमच्या समजुतीप्रमाणे आपल्या लेखकांची खरी अडचण येथेच आहे. संध्याकाळ म्हटली की मराठी लेखणी आपोआप कवितेकडे वळते, आणि आपल्या कवितेने संध्याकाळ निसर्गाला आणि अंतर्मनाला केव्हाच देऊन टाकलेली आहे. मध्य भारतातील संस्थानांच्या नोकरीत आयुष्य काढलेले आणि पुढे ग्वाल्हेरचे राजकवी झालेले भा. रा. तांबे (1873-1941) हे आपणां सर्वांचे घरचे कवी. त्यांच्या संध्याकाळी आपल्या कानात इतक्या बसल्या आहेत की मावळता सूर्य दिसला की तो आपणांस तांब्यांच्या चालीतच दिसतो. ग्रेस यांच्या ‘संध्याकाळच्या कविता’ 1967 साली आल्या, आणि संध्याकाळ ही मनाच्या आत खोल उतरण्याची वेळ आहे, हे पुढच्या पिढीने त्यांच्याकडून घेतले. दोघेही मोठे कवी. परंतु त्यांची संध्याकाळ जशीच्या तशी उचलून रविवारच्या शहरावर पांघरली की खालचे शहर झाकले जाते. शिवाय एक गोष्ट अनुकरण करणारे विसरतात. तांब्यांच्या मावळत्या दिनकराच्या कवितेत नुसता सूर्य नाही. उगवत्याला नमस्कार करून मावळत्याकडे पाठ फिरविणारी माणसेही तीत आहेत. दरबाराच्या नोकरीत जन्म काढलेल्या माणसाला ती जवळून पाहावयास मिळाली असणार. आपल्या लेखांनी सूर्य घेतला आणि माणसे सोडून दिली.

मराठीतील शहराचे थोर कवी शांत क्षणासाठी संध्याकाळकडे न जाता पहाटेकडे गेले, हे या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. बा. सी. मर्ढेकरांची माघातल्या प्रभातीची कविता घ्या. मुंबईचे बंदर नुकते न्हालेल्या गर्भवतीसारखे दिसते, ही तिची प्रसिद्ध उपमा सर्वांस ठाऊक आहे. त्या कवितेत घरे आहेत, पोटासाठी सुरू होणारी दिवसाची धावपळ अगदी उंबऱ्यावर येऊन उभी आहे; आणि कवी तिला क्षणभर थांबावयास सांगतो. शांतता आहे, पण शहर खोडून काढून मिळविलेली ती शांतता नव्हे. अरुण कोलटकरांचे ‘काला घोडा पोएम्स’ हे पुस्तक इंग्रजी आहे. ते 2004 साली, त्यांच्या मृत्यूपूर्वी थोडेच दिवस प्रसिद्ध झाले. तरी ते मराठी कवीचे पुस्तक आहे, आणि मराठी वाचकाने ते आपले मानावे. त्याच्या आरंभी पहाटेच्या निर्मनुष्य चौकात, वाहतुकीच्या मधल्या बेटावर एक भटका कुत्रा पडला आहे आणि शहर या घटकेपुरते आपले आहे असे त्याला वाटते. पुढच्या कवितांतून त्याच चौकात झाडणारी येते, इडल्यांचा मोठा डबा घेऊन एक बाई येते, फुटपाथवरची माणसे तिच्याभोवती जमतात. त्या इडल्यांना कर्ता आहे, त्याहून महत्त्वाचे म्हणजे खाणारेही आहेत. कवी उपाहारगृहाच्या खिडकीशी बसून हे पाहतो. म्हणजे त्याचीही एक प्रकारची गॅलरीच. तेव्हा दोष गॅलरीत बसण्याचा नाही, तेथून काय पाहिले याचा आहे.

याच्याही मागे जावयाचे तर केशवसुतांची ‘सतारीचे बोल’ आहे. उद्विग्न मनाचा एक माणूस काळोखात रस्त्याने जात आहे. कोणाच्या तरी घरातून सतारीचे सूर येतात. आधी त्याला त्यांचा रागच येतो, मग तो थांबतो, ऐकतो, आणि हळूहळू त्याचे मन निवते. या कवितेवर संगीताच्या सामर्थ्याची कविता म्हणून पुष्कळ लिहिले गेले. आमच्या मते ती तितकीच शहराची कविता आहे. वाजविणाऱ्याला रस्त्यावरच्या माणसाची गंधवार्ता नाही. ऐकणारा दार ठोठावून आभार मानीत नाही. अनोळखी माणसाच्या हातून, त्याला नकळत, दुसऱ्याचे असे भले होण्यास वस्ती दाट असावी लागते, घराला घर लागलेले असावे लागते. गल्लीतून जाताना कोणाच्या घरातील पेटीचा रियाज कानांवर यावा, किंवा अंगणात खाट टाकून कोणी मोठ्याने वर्तमानपत्र वाचीत असावे, हा अनुभव आपल्या जुन्या वस्त्यांतील प्रत्येकाचा आहे. तो आमच्या पाहण्यातील त्या दहा-बारा लेखांपैकी एकातही नाही. तेथे घंटा आहे ती देवळाचीच.

गद्याकडे येताना लघुनिबंधाचे नाव घेणे भाग आहे, कारण आपले आजचे लेख त्याच कुळातील. 1930 च्या दशकात फडके, खांडेकर, काणेकर यांनी या प्रकाराला जो डौल दिला, त्याचे मोल आम्ही कमी करीत नाही. साध्या विषयाशी गप्पा मारता येतात, हे मराठी वाचकाला त्यांनी शिकविले. परंतु त्या निबंधाच्या केंद्रस्थानी लेखकाचे प्रसन्न व्यक्तिमत्त्व असे, आणि बाकीचे जग त्याच्या गप्पांना निमित्त पुरविण्यापुरते उरे. पुढे गंगाधर गाडगीळांनी शहरी मध्यमवर्गीयाच्या रिकाम्या वेळेकडे अगदी निराळ्या नजरेने पाहिले. त्यांच्या एका कथेचे नाव ‘बिनचेहऱ्याची संध्याकाळ’ असे आहे. आम्हांस ते नाव एखाद्या समीक्षालेखाइतके बोलके वाटते. नवकथेने संध्याकाळचा सुशोभित मुखवटा काढला हे तिचे श्रेय आहेच. मात्र तिच्या अनुकरणातून पुढे जो कंटाळ्याचा पूर आला, त्याने वाचकालाही कंटाळा आणला.

पु. ल. देशपांडे यांच्या ‘बटाट्याची चाळ’ने हा रिकामा वेळ माणसांनी भरून टाकला. चाळकऱ्यांचे भ्रमण मंडळ, त्यांची सांस्कृतिक चळवळ, त्यांचे उपास, हे सारे सुट्टीचे आणि फावल्या वेळेचेच उद्योग. आणि ते हसत हसत वाचून झाल्यावर शेवटच्या ‘चिंतना’त चाळीचाच सूर बदलतो, तो वाचकाला नकळत गंभीर करून जातो. तो सूर लागू शकला याचे कारण, आधीची माणसे आपापल्या आवाजात बोललेली असतात. त्रिलोकेकरांचे बोलणे पावशांसारखे नाही. भाऊ पाध्यांच्या ‘वासूनाका’वर (1965) केवढा गहजब झाला हे ज्येष्ठ वाचकांना स्मरत असेल. ते पुस्तक सर्वांना रुचावे असे नाही; आम्हांलाही ते सबंध रुचले नाही. पण नाक्यावर उभ्या राहणाऱ्या मुलांचा रिकामा वेळ त्यांच्याच भाषेत लिहिण्याचे धाडस त्याने केले, हे मान्य करावे लागते.

रिकामा वेळ आणि सुट्टी यांत अंतर आहे. जयंत पवार यांचे ‘अधांतर’ (1997) हे नाटक त्या अंतरावरच उभे आहे. 18 जानेवारी 1982 रोजी मुंबईत गिरण्यांचा संप सुरू झाला आणि सुमारे अडीच लाख कामगार घरी बसले. त्यातील बहुतेकांना परत जाण्यास गिरणीच राहिली नाही. नाटकात गिरणगावातील चाळीची एक खोली आहे, आई आहे, तिची मुले आहेत, आणि कोणालाच कोठे जावयाचे नाही असा वेळ आहे. त्या खोलीतही संध्याकाळ होते; तिला कोणी निवांत म्हणणार नाही. सुट्टीची गोडी उद्याच्या कामात असते, हे ‘अधांतर’ पाहताना जितके कळते तितके एखाद्या निबंधाने कळणार नाही.

हे आम्ही मुंबईचे म्हणून सांगत नाही. इंदुरात विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात कापड गिरण्यांची एक रांगच उभी राहिली होती: मालवा, हुकुमचंद, राजकुमार, कल्याण, स्वदेशी, भंडारी. भोंग्यावर घड्याळ लावणारी घरे परदेशीपुऱ्यात आणि मालवा मिलच्या परिसरात होती, आणि त्या घरांत मराठी घरेही होती. रविवारची संध्याकाळ तेथे आठवड्यातील इतर संध्याकाळींहून कानांनीच ओळखता येई. मग गिरण्या एकेक करून बंद झाल्या. हुकुमचंद मिल डिसेंबर 1991 मध्ये बंद पडली. तिच्या सुमारे 4,800 कामगारांच्या थकबाकीचे 224 कोटी रुपये मिळण्याचा मार्ग मोकळा झाला तो डिसेंबर 2023 मध्ये, म्हणजे 32 वर्षांनी. तोपर्यंत त्यांतील कितीतरी जण हयात नव्हते. या 32 वर्षांत त्या वस्तीत रोजच भोंगा वाजत नव्हता. रोजच शांत होते. अनंत चतुर्दशीच्या गिरण्यांच्या झाक्यांवर आपल्याकडे हौसेने लिहिले जाते, आणि ते योग्यच आहे. त्या मिरवणुकीचा थाट लिहिण्यासारखाच असतो. पण भोंगा थांबल्यानंतरच्या साध्या संध्याकाळीवर मराठीत लिहिलेले काही आमच्या वाचनात आलेले नाही. शांततेवर इतके लिहिणाऱ्या आपल्या लेखकांना ही शांतता कशी ऐकू आली नाही?

तिचे एक कारण वर्गाचे आहे, हे उघड आहे. दुसरे भाषेचे आहे, आणि ते बाहेरगावच्या मराठी लेखकाचे खास आपले आहे. आपल्या घरात मराठी असते आणि पायरी उतरली की हिंदी सुरू होते. बडोद्यात गुजराती, बेळगावात कानडी, हैदराबादेत तेलुगू आणि दख्खनी. भाजीवाला, रिक्षावाला, शेजारी, चौकातला पानवाला यांची बोलणी मराठीत नाहीत. शुद्ध मराठीत लेख लिहावयास बसलेला लेखक या बोलण्यांचे काय करावे हे न समजून ती गाळून टाकतो. मग लेखात उरतात पक्षी, घंटा आणि वारा, कारण ते कोणत्याच भाषेत बोलत नाहीत. त्या उरलेल्याला तो शहराची शांतता असे नाव देतो. ती शांतता शहराने दिलेली नसते, लेखकाच्या कात्रीने आलेली असते. आम्ही हे जरा कठोरपणे म्हणत आहोत हे आम्हांस ठाऊक आहे. परंतु दोन-दोनशे वर्षे ज्या गावांत आपली घराणी नांदली, त्या गावांचा आवाज आपल्या लिखाणात येऊ नये, ही गोष्ट नुसत्या शैलीची म्हणून सोडून देता येत नाही. आपली नातवंडे मराठी वाचीत नाहीत अशी तक्रार प्रत्येक मंडळाच्या सभेत होते. वाचून त्यांना त्या लेखांत त्यांचे कोणते गाव भेटणार? मुंबई-पुण्याच्या संध्याकाळी मुंबई-पुण्याच्या लेखकांनी लिहून ठेवल्या आहेत, आणि आपल्यापेक्षा चांगल्या लिहिल्या आहेत.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो रास्त आहे. ललित लेख हा विसाव्यासाठी असतो. त्यात कष्टांचा आणि थकबाकीचा हिशेब कशाला? आमचे म्हणणे हिशेब मांडा असे नाही. कोलटकरांची इडलीवाली करुणेसाठी आलेली नाही, खाणाऱ्यांचा आनंदच त्या कवितांत भरून राहिला आहे. पु.लं.ची चाळ तर आनंदानेच भरली आहे. कर्ता दाखविला म्हणून विसावा नासत नाही.

उदाहरणच द्यावयाचे तर इंदूरच्या सराफ्याचे देतो. तेथील रात्रीच्या खाण्यावर पुरवण्यांतून भरपूर मजकूर येतो. भुट्ट्याचा कीस, खोपरा पॅटीस, थंडीतले गराडू, मोठाले जलेबे, यांची वर्णने वाचून बाहेरगावचे पाहुणे यादी घेऊनच उतरतात. त्या वर्णनांत गर्दी असते, प्रकाश असतो, चव असते. पण त्याआधीची एक वेळ आहे. दागिन्यांची दुकाने मिटू लागतात, शटरे एकामागून एक खाली येतात, आणि ज्या ओट्यांवर दिवसभर गिऱ्हाइकांची पादत्राणे होती तेच ओटे झाडून-धुऊन घेतले जातात. सोन्याचा बाजार आवरलेला असतो आणि खाण्याचा अजून मांडलेला नसतो. रस्ता ओला असतो. सराफाचा मुनीम किल्ल्या मोजून खिशात टाकतो आणि त्याच पायरीवर दुसऱ्याच कोणाची तरी शेगडी येऊन टेकते. दोघांत दोन शब्द होतात, ते माळवी वळणाच्या हिंदीत. मुनीम मराठी असला तरी हिंदीतच. दिवसभर उभा असलेला माणूस घरी निघतो, रात्रभर उभा राहणारा कामाला लागतो, आणि भांडी घासणारी पोरे पहिल्या पाण्याची वाट पाहत ओट्याच्या कडेला बसून राहतात. ही घटका फार थोडी असते.

या घटकेवर मराठीत एखादा लेख लिहिला गेला, तर त्या दोघांचे दोन शब्द हिंदीतच छापावेत. संपादक मंडळींनी ते शुद्ध करू नयेत.